पाचवा आकडा

९ फेब्रुवारी

दादा,

अक्षर ओळखून पाकीट बाजूला ठेवायच्या आधी एवढं वाच. घरात कुणी आजारी नाही. तुला परत बोलावण्यासाठीही हे पत्र नाही. मला तुझ्याकडून एक आकडा हवा आहे, वीस अंकी. अप्पांनी जायच्या आधी रजिस्टर पोस्टानं तुला जे कार्ड पाठवलं, त्यावरचा.

तुझा पत्ता मावशीनं दिला. त्याआधी तुमच्या हवामान केंद्राच्या वायरलेसवर निरोप ठेवला होता. ऑपरेटर म्हणाला, "निरोप दिला, बाई. साहेब 'बरं' म्हणाले." त्या 'बरं'च्या पुढे काही आलं नाही, म्हणून हे लिहिते आहे.

झालंय असं. आपल्या रक्तपेढीत ('आपल्या' असं लिहून गेले, आता खोडत नाही) एक बाई येते. बोटी दुरुस्त करायच्या कारखान्यात वेल्डिंगचं काम करते. सातवा महिना चालू आहे. बाळाची वार खाली सरकली आहे, म्हणजे बाळंतपण ऑपरेशननंच होणार, आणि रक्त भरपूर जाणार, हे आत्ताच ठरल्यासारखं आहे. तिचं रक्त मात्र लाखात एखाद्याशी जुळावं असं. दुसरं दिलं तर तिचंच शरीर ते फोडून टाकेल. इतर शहरांतल्या पेढ्यांना विचारून झालं, जाहिरात देऊन झाली, कुठूनही काही नाही. आपल्या नोंदणीत मात्र या रक्ताचे दोन दाते आहेत. क्रमांक एकसष्ट आणि क्रमांक एकशे अठरा. क्रमांक सगळ्यांना दिसतात. नावं अप्पांच्या पेटीत, म्हणजे कंप्यूटरातल्या कुलूपबंद यादीत आहेत, आणि पेटी बंद आहे.

तू गेल्यावर अप्पांनी ही पेटी केली, त्यामुळे तुला तिची रचना माहीत नसणार. रोजची किल्ली त्यांच्या डोक्यात होती. त्यांच्या माघारी काय, म्हणून त्यांनी किल्लीचे पाच भाग केले आणि पाच माणसांना दिले. एक पेढीच्या संचालक डॉक्टरीणबाईंना, दुसरा नोंदणी सांभाळणाऱ्या बाईंना, तिसरा वकीलकाकांना, चौथा मला, पाचवा तुला. कुणीही तिघं एकत्र आले की किल्ली तयार होते. दोघांच्या हाती मात्र काहीच लागत नाही, थोडंसुद्धा नाही.

बागेतली नळी डोळ्यांपुढे आण. भिंतीपाशी कुठल्यातरी उंचीवर नळी धरली आहे, पाणी कमानीनं उडतंय. नळीची उंची म्हणजे किल्ली. ती झाकलेली आहे. भिंतीपासून एकेक पाऊल अंतरावर आपण पाच जण ओळीनं उभे आहोत, आणि प्रत्येकाला फक्त आपल्या डोक्यावरून पाणी किती उंचीवरून जातंय तेवढं ठाऊक आहे. तिघांनी आपापली उंची सांगितली की त्यांतून जाणारी कमान एकच निघते, आणि तिच्यावरून मागं मागं जात नळी सापडते. दोघांनीच सांगितली तर त्यांतून वाटेल तितक्या कमानी जातात आणि नळी कुठंही असू शकते. अप्पांचं खरं गणित घड्याळासारखं गोल फिरणारं आहे, बाकी काढत जाणारं, पण कमानीचा स्वभाव तोच.

गेल्या महिन्यात डॉक्टरीणबाई, नोंदणीच्या बाई आणि वकीलकाका असे तिघं बसले, आकडे घातले, आणि पेटीनं नकार दिला. त्यांना वाटलं, टाइप करताना चूक झाली. म्हणून तेच आकडे पुन्हा, सावकाश, एकानं वाचून दुसऱ्यानं घातले. पुन्हा नकार. पेटीला तीनच संधी आहेत. तिसऱ्यांदा चुकलं की आतली सगळी नावं पुसली जाणार. दुसरी प्रत नाही. अप्पांचा हा कारभार तुला मी वेगळा सांगायला नको.

मग त्यांनी मला बोलावलं. माझा आकडा घेऊन मी गेले. चार आकडे एका कमानीवर बसत नाहीत, हे तिथंच कागदावर दिसलं. म्हणजे त्या तिघांपैकी एकाचा आकडा बिघडला आहे. कुणाचा, ते चार आकड्यांवरून कळत नाही. तिघांपैकी एकाला वगळून, माझा धरून, तीन वेगवेगळ्या किल्ल्या निघतात. त्यांतली एक खरी असणार. संधी एकच उरली आहे.

पाचवा आकडा आला की मात्र कळतं. कारण दोन वेगळ्या कमानी फार तर दोन ठिकाणी भेटतात, तिसऱ्या ठिकाणी नाही. तुझा आकडा त्या तीन किल्ल्यांपैकी जिच्या कमानीवर बसेल, तीच खरी.

पोस्टकार्डावर लिहून पाठवलास तरी चालेल. एकटा आकडा टपालात कुणी वाचला तर त्याला कपाळ कळणार आहे. फक्त अंक नीट काढ.

डॉक्टरीणबाईंना दाता ऑपरेशनच्या पुरेसा आधी हवा आहे. ऑपरेशन मार्चच्या मध्यावर धरलंय.

तुझी,
ठकी


१९ फेब्रुवारी

दादा,

तुमच्याकडे टपाल आठवड्यातून दोनदाच वर येतं, हे मला माहीत आहे. तरी कॉलेजातून घरी आल्यावर आधी दाराशी वाकून बघते. शेजारच्या आजोबांनी विचारलंसुद्धा, "काही हरवलंय का?"

काल पेढीत बैठक झाली. वकीलकाका आता ऐंशीच्या पुढे गेलेत. दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं झाली आहेत, सूनबाईंच्या हाताला धरून आले होते. खुर्चीत बसता बसताच म्हणाले, "मीच चुकलो असणार. हल्ली मला सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही. तुम्ही माझा आकडा सोडून द्या आणि उरलेल्यांवर उघडा."

नोंदणीच्या बाई लगेच म्हणाल्या, "असं कसं सोडून द्यायचं? मीही माझं कार्ड एकदा घर बदलताना शोधत बसले होते. माझंच कशावरून नसेल?"

डॉक्टरीणबाई टेबलावर पेन आपटत होत्या. "मला एक सांगा," त्या माझ्याकडे वळल्या, "काका स्वतः म्हणताहेत तर तोच अंदाज धरला तर? शक्यता किती?"

"अंदाज म्हणून धरलं तर बरीच असेल," मी म्हटलं. "पण काकांना खात्री नाही, फक्त भीती वाटतेय. आणि चुकलं तर या एका बाईपुरतं चुकणार नाही. पेटीतल्या सगळ्या नावांवर पाणी पडेल. उद्या दुसरी बाई आली की तिला सांगायला क्रमांकही उरणार नाही."

"आणि न उघडता मार्च आला तर?"

महिनाअखेरपर्यंत थांबू, मग काकांचा आकडा सोडून उघडू, असं ठरलं.

बाहेर बाकावर ती वेल्डिंगवाली बसली होती. तपासणीला आली होती. जाड मनगटं, हातांवर ठिणग्यांचे बारीक डाग, पोटावर डबा ठेवून जेवत होती. मला म्हणाली, "तुम्हीच का त्या गणितवाल्या? माझं रक्त तुमच्या कुलपात अडकलंय म्हणे."

मी हो म्हटलं.

"आमच्याकडे कुलूप अडकलं की मला बोलावतात," ती म्हणाली. "मी कापून देते. तुमचं तसलं नसणार."

"कापलं तर आतलं जळतं."

"मग नको," ती म्हणाली आणि डबा पुढे केला. "घ्या. तुमचा चेहरा माझ्यापेक्षा उतरलाय."

दादा, आता मूळ मुद्द्यावर येते. ताकाला जाऊन भांडं लपवण्यात अर्थ नाही. तू मावशीला जे म्हणालास ते तिनं मला सांगितलं. "अप्पांनी मला खोटा आकडा पाठवलाय. नुसतं मन राखायला. ज्याला नोंदणीतून काढलं त्याच्या हाती ते खरी किल्ली देतील होय?" असं.

त्या वेळचं मी विसरलेले नाही. अतिदक्षता विभागाबाहेर त्या आजारी बाईच्या नवऱ्यानं तुझे पाय धरले होते. दाता, एक शाळामास्तर, शहरातच होता, पण नुकतंच रक्त देऊन अशक्त झालेला, म्हणून अप्पा त्याला पुन्हा विचारायला तयार नव्हते. तू नाव सांगितलंस. ती बाई वाचली. आणि त्या शाळामास्तरांच्या दारात तिचे नातेवाईक बसून राहिले, पुढे आणखी कुणाकुणाचे आले, बाकीच्या शहराला पत्ता लागला. शेवटी मास्तर नोकरी सोडून गाव बदलून गेले. अप्पा म्हणाले, "नाव दिलंस म्हणजे माणूस दिलास." तू म्हणालास, "आणि न देऊन मी दुसरं माणूस दिलं असतं." दोघंही खरं बोललात. मग तुम्ही दोघांनी बोलणंच टाकलं, आणि त्यात आपलं घर दोन ठिकाणी राहायला लागलं.

तुझा आकडा खरा की खोटा, मला माहीत नाही. अप्पांनी मला कुणाच्याही आकड्याबद्दल काही सांगितलं नाही. मी शपथ घेऊन 'खराच असणार' असं लिहू शकत नाही, लिहिलं तर तू पत्र फाडशील. गणित काय म्हणतं तेवढं सांगते. तुझा आकडा खोटा असेल तर तो त्या तिन्ही कमानींपैकी एकीवरही बसणार नाही. योगायोगानं बसण्याची शक्यता इतकी कमी की तेवढ्यात तुझ्या केंद्रावर दोन सूर्य उगवतील. म्हणजे खोट्या आकड्यानं आमचं नुकसान होणार नाही, आम्ही चुकीची किल्ली घालणार नाही. फक्त आम्ही होतो तिथंच राहू.

नुकसान झालं तर तुझं होईल, हे मला दिसतंय. आकडा न पाठवण्यात एक सोय आहे, शंका शंकाच राहते. पाठवलास की अप्पांचं उत्तर येणार. ते गेल्यानंतरही, पुसता न येणारं.

मी तुझ्या जागी असते तर काय केलं असतं, ठाऊक नाही. तिच्या जागी असते तर काय मागितलं असतं, ते ठाऊक आहे. डबा मी घेतला, हे सांगायचं राहिलं. अर्धा खाल्ला.

ठकी


४ मार्च

दादा,

कळवते आहे.

तुझं पोस्टकार्ड शनिवारी आलं. वर वीस अंक, खाली एकच ओळ: 'खोटा निघाला तर कळवू नकोस.' म्हणून पहिल्याच ओळीत कळवून टाकलं. आता सावकाश वाच.

कार्ड हातात घेऊन मी घरात शिरले नाही, सरळ पेढीत गेले. बाई होत्या, डॉक्टरीणबाईंना फोन केला. वकीलकाकांना म्हटलं, तुम्ही नका येऊ, मी फोनवर सांगते. ते ऐकेनात. सूनबाई त्यांना घेऊन आल्या. आम्ही पाचही आकडे फळ्यावर लिहिले. हिशोब करायला कंप्यूटर आहे, पण मला आधी हातानं करायचा होता. आयुष्यभर मी पोरांना हेच शिकवते. सीडीवर ओरखडा पडला तरी गाणं अडखळत नाही, दूरवरून आलेला संदेश वाटेत बिघडला तरी वाचता येतो, ते याच कमानींच्या जोरावर. गरजेपेक्षा जास्त बिंदू पाठवायचे, म्हणजे बिघडलेला बिंदू स्वतःच ओळीबाहेर उभा राहतो. अप्पा या विद्येनं कुलूप करत होते, मी त्याच विद्येनं दुरुस्ती करते. तुमच्या कुलपाचं आणि माझ्या ठिगळाचं कापड एकच आहे, असं मी त्यांना एकदा म्हटलं होतं. ते म्हणाले, "मग ठिगळ कमी पडू देऊ नकोस."

पहिल्यांदा डॉक्टरीणबाईंना वगळून कमान काढली आणि तुझ्या जागी तिची उंची पाहिली. तुझ्या आकड्याशी काही संबंध नाही. मग बाईंना वगळलं. नाही जुळलं. डॉक्टरीणबाई खिडकीशी जाऊन उभ्या राहिल्या. वकीलकाकांना फळा दिसत नाही, ते एकसारखं विचारत होते, "काय झालं? कुणी बोलत का नाही?"

तिसऱ्यांदा काकांना वगळलं. पाचव्या जागेची उंची काढत गेले. शेवटून पहिला अंक जुळला. दुसरा जुळला. बाई तुझं कार्ड धरून एकेक अंक मोठ्यानं वाचत होत्या, मी फळ्यावरचा वाचत होते. सातव्या-आठव्या अंकानंतर बाई उभ्या राहून वाचायला लागल्या. वीसच्या वीस जुळले.

दादा, तुझा आकडा खरा आहे. अप्पांनी तुला बाकी चौघांसारखाच, त्याच कमानीवरचा, खरा भाग दिला होता. मन राखायला दिलेला आकडा त्या जागी बसूच शकत नाही. मी फळ्यासमोरच्या खुर्चीत बसले. जीव भांड्यात पडणं म्हणजे काय, ते मला त्या दुपारी कळलं.

"म्हणजे माझाच चुकला," वकीलकाका म्हणाले. त्यांचा चेहरा पाहवेना. "मी म्हटलंच होतं. डोकं गेलं माझं."

"थांबा काका," मी म्हटलं. कमान हाती आली की चुकलेल्या जागी खरा आकडा काय असायला हवा होता, तेही काढता येतं. तो काढला आणि काकांच्या आकड्याखाली लिहिला. वीसपैकी एकोणीस अंक तेच. फरक एकाच ठिकाणी. खरा अंक एक, काकांच्या कार्डावर नऊ.

सूनबाई इतका वेळ दाराशी होत्या. त्या पुढे आल्या आणि फळ्याकडे बघत राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "अप्पासाहेबांचे अंक मराठी होते ना?"

"हो, ते नेहमीच मराठीत लिहायचे."

"बाबांच्या ऑपरेशननंतर त्यांना ते कार्ड वाचता येईना. पुसटही झालं होतं. म्हणून मी मोठ्या इंग्रजी अंकांत उतरवून दिलं. माझी शाळा सगळी इंग्रजीत झाली. मराठी एक मला..."

मराठी एक आणि इंग्रजी नऊ. दोन्हींना वर गोल डोकं आणि खाली शेपूट. इतक्यावर एवढं मोठं कुलूप अडलं होतं.

"तू मला सांगितलं नाहीस," काका म्हणाले.

"बाबा, आकडा तोच आहे, कागद फक्त बदललाय, असं वाटलं मला. जुनं कार्ड टाकून दिलं." त्यांचे डोळे भरले होते.

काकांनी हात पुढे केला, सूनबाईंचा पदर चाचपून सापडल्यावर तो धरला. "अगं, रडतेस काय. इतके दिवस मी समजत होतो की माझं डोकं गेलं. डोकं शाबूत आहे. नुसती नऊ आणि एकची गफलत आहे." ते हसायला लागले. कोर्टात हसायचे तसं, खांदे हलवत. मग बाई हसल्या, डॉक्टरीणबाई हसल्या, आणि सूनबाई एका डोळ्यानं रडत हसल्या.

तरी तिसरी संधी वापरण्याआधी बाईंनी सगळे अंक पुन्हा एकदा ताडून पाहिले. किल्ली मी घातली. पेटीनं काही क्षण घेतले आणि उघडली. पडद्यावर नावं यायला लागली तेव्हा मी आणि वकीलकाकांनी पाठ फिरवली. नावं बघायचा अधिकार बाईंचा आणि डॉक्टरीणबाईंचा. नियम अप्पांचा, पण आता मलाही तोच बरोबर वाटतो. दात्यांना फोन बाईंनीच करायचा, तोही फक्त विचारण्यासाठी. नाही म्हणाले तर धन्यवाद म्हणून ठेवून द्यायचा.

बाईंनी आज सकाळी फोन केले. नावगाव न सांगता त्यांनी एवढंच सांगितलं, की एक दाता लगेच हो म्हणाला. दुसऱ्याचं रक्त द्यायचं वय उलटलं आहे. त्याला फार वाईट वाटलं. फोन ठेवता ठेवता तो म्हणाला, "माझ्या धाकट्या बहिणीचं तपासून बघता का? भावंडांचं जुळतं म्हणतात." बहिणीला त्यानं स्वतः विचारलं. ती उद्या येणार आहे.

अजून ऑपरेशन व्हायचं आहे, हे मी विसरले नाही. पण आज एवढं पुरे. तू जेव, झोप. मीही झोपणार आहे.

ठकी


२६ मार्च

दादा,

तुझं लांबलचक पत्र मिळालं. सात पानं. तू इतकं लिहू शकतोस हे मला माहीत नव्हतं. माझ्या पत्रानंतर तू दिवसभर वाऱ्याच्या नोंदी चुकीच्या रकान्यात लिहिल्यास आणि ऑपरेटरनं तुला तीनदा हटकलं, हे वाचून बरं वाटलं. चूक दुरुस्त करायची विद्या तुलाही शिकवीन.

तू विचारलंयस, अप्पांनी तसं का केलं असेल. मला माहीत नाही, आणि मी बनवून सांगणार नाही. बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, पाच माणसं ठरवताना अप्पांनी सगळ्यात आधी तुझं नाव सांगितलं होतं. बाई म्हणाल्या होत्या, "पण त्याच्यामुळेच तर ही पेटी करतोय ना आपण?" अप्पा म्हणाले, "म्हणूनच. नाव दिल्यावर काय होतं ते त्याच्याइतकं दुसऱ्या कुणाला कळलंय? आणि न दिल्यावर काय होतं तेही." हे त्यांनी तुला तोंडानं सांगायला हवं होतं. मलाही त्यांचा राग येतोच.

आता तिकडचं. ऑपरेशन ठरल्या दिवशी सकाळी झालं. बहिणीचं रक्त जुळलं, त्यामुळे दोन पिशव्या तयार होत्या. डॉक्टरीणबाई आदल्या दिवशी म्हणाल्या होत्या, "दोन म्हणजे फार नाहीत. पण दोन म्हणजे शून्य नव्हेत." मी कॉलेजातून रजा घेऊन बाहेरच्या बाकावर बसले होते. तिचा नवरा ट्रक चालवतो. तो माझ्या शेजारी बसून सगळा वेळ रुमालाच्या घड्या घालत होता, उलगडत होता. पहिली पिशवी आत गेली. मग नर्स दुसरी घ्यायला धावत आली, तेव्हा त्यानं रुमाल खाली टाकला आणि माझं मनगट धरलं. मग डॉक्टरीणबाई टोपी काढत बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "मुलगी आहे. दोघी ठीक आहेत. दुसऱ्या पिशवीतलं थोडं उरलंय." नवऱ्यानं माझं मनगट सोडलं नाही. तिथं अजून निळा डाग आहे.

परवा मी तिला भेटायला गेले. पोरगी तिच्या कुशीत झोपली होती, लाल आणि चिडकी. आई अजून फिकट आहे, पण जिभेला काही झालेलं नाही. म्हणाली, "गणितवाल्या बाई, कुलूप न कापता उघडलंत. मला शिकवा."

मग जरा वेळानं गंभीर झाली. "ज्यांनी रक्त दिलं त्यांना मला काही सांगायचं होतं. नावं सांगणार नाहीत म्हणे."

"नाही सांगत. मलाही माहीत नाहीत."

"का?"

मी तिला मास्तरांची गोष्ट सांगितली, नावाशिवाय. ती ऐकत राहिली. "बरोबर आहे," ती म्हणाली. "मी दारात जाऊन बसले नसते. पण माझी सासू बसली असती." पोरीच्या कपाळावरून बोट फिरवत तिनं विचारलं, "आणि तो शेवटचा आकडा? डॉक्टरीणबाई म्हणाल्या, कुठल्या तरी डोंगरावरून आला म्हणून. तो देणाऱ्याचं नाव सांगायलाही बंदी आहे का?"

पेढीच्या भिंतीआड तुझं नाव इतक्या वर्षांत चारचौघांत कुणी घेतलेलं नाही. अप्पांनी नाही, बाईंनी नाही, मीही नाही. नियमांत मात्र तसं काही लिहिलेलं नाही.

"बंदी नाही," मी म्हटलं. "तो माझा मोठा भाऊ." आणि तुझं पूर्ण नाव सांगितलं. तिनं ते एकदा स्वतःशी म्हणून पाहिलं. शेजारच्या पलंगावरची बाई म्हणाली, "चांगलं नाव आहे." नर्स औषधाची बाटली हलवत म्हणाली, "कुणाचं?" मग मी पुन्हा सांगितलं.

जाता जाता कामाचं. किल्लीचे भाग पुन्हा नव्यानं करायचे आहेत. या वेळी प्रत्येक आकड्याच्या शेवटी तपासणीचा अंक असेल आणि लिहिताना अक्षरांतही लिहायचं, असं मी भांडून ठरवून घेतलंय. कालच्या बैठकीत डॉक्टरीणबाईंनी पाच नावं वाचली, त्यांत तुझं होतं. बाईंनी मान हलवली. तू होकार दिलास तर भाग टपालानं पाठवणार नाहीत, इथं येऊन घ्यावा लागेल. तुझी रजा एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात सुरू होते असं तूच लिहिलंयस. पुढच्या खोलीतली पुस्तकं मी उचलायला घेतली आहेत, पलंग मोकळा होईल. कोणत्या गाडीनं येतोस ते कळव. स्टँडवर मी येईन, मावशीही यायचं म्हणते आहे.

तुझी,
ठकी